अस्वलाचं पुस्तक घेऊन बुलढाण्याला

बुलढाण्याहून परत आल्यापासून चिपळुणात जो भेटेल तो एकच विचारतो, "लोणार बघितलंस ना?" बघितलं. पण मी गेले होते ती पुस्तकं घेऊन. सोबतचं एक पुस्तक तर एका बाईने निरोप धाडून मागवलं होतं. तिने ते कशासाठी मागवलं हे मला शेवटच्या मुक्कामी कळलं. म्हणून हे सगळं लिहायला बसले आहे.

आमच्या इथल्या वाचनालयात माझी सगळी नोकरी झाली. निवृत्त झाल्यावर एका मासिकासाठी मी दर महिन्याला एक पान लिहू लागले. जंगल, नद्या, पक्षी, हवापाणी, शेतजमीन यांच्यावरची कोणती पुस्तकं वाचावीत, हे सांगणारं पान. कधी एखादं पत्र यायचं, बहुधा शुद्धलेखनाची चूक दाखवणारं. त्या पानाची नेमाची वाचक म्हणजे माझी मैत्रीण वंदना. खूप वर्षांपूर्वी नागपूरला ग्रंथालयाच्या शिबिरात आम्ही एका खोलीत राहिलो होतो, तेव्हापासूनची ओळख. ती देऊळघाटची. शाळेत शिकवायची. आता तीही निवृत्त आहे आणि गावातल्या विहाराशेजारच्या खोलीत बायकांचं वाचनमंडळ चालवते.

माघात तिचा फोन आला. "तू सांगते ती पुस्तकं आम्ही मागवतो. पण ऐकणाऱ्यांचं तोंड कसं होतं ते तू कधी पाहिलंच नाही. ये एकदा." मग म्हणाली, "आणि ते अस्वलांवरचं पुस्तक आहे ना, ते आणशील. एका बाईनं खास मागितलं आहे."

देऊळघाट

मलकापूरला रेल्वेतून उतरून एसटीने राजूरचा घाट चढले तेव्हा खिडकीतून पहिल्यांदा इथलं जंगल दिसलं. खरं सांगते, माझ्या मनात आलं, हे जंगल? मी कोकणातली. आमच्याकडे परसदारीसुद्धा याहून दाट असतं. इथे माती तांबूस-करडी, झाडं हात आखडून उभी, पायाशी पाचोळा. कुठेकुठे पळसाला काळ्या मखमलीसारख्या कळ्या धरलेल्या. माझ्या शेजारची म्हातारी मात्र खिडकीबाहेर बघत कौतुकाने म्हणाली, "यंदा जंगल लय चांगलं हाये." मी पुन्हा नीट बघितलं. तरी मला ते चांगलं दिसायला आणखी चार दिवस लागले.

वंदनाचं घर पैनगंगेपासून फार लांब नाही. ही नदी इथून जवळच उगम पावते, त्यामुळे देऊळघाटला ती अजून लहान पोरीसारखी आहे. उडी मारून ओलांडता येईल अशी. दुसऱ्या दिवशी दुपारी वाचनमंडळ भरलं. बायका हरभऱ्याचे ओले ढाळे, घाट्यांनी लगडलेली रोपं, घेऊनच आल्या होत्या. घाटे सोलायचे, खायचे आणि ऐकायचं. आमच्या वाचनालयात शेंगदाणा जरी फुटला तरी मी चष्म्यावरून बघत असे.

मी नद्यांवरचं एक पुस्तक उघडलं. मासिकात मी त्याची भरभरून शिफारस केली होती. पहिलंच वाक्य 'जलसंसाधनांच्या ऱ्हासाची बहुआयामी कारणमीमांसा' असं काहीतरी होतं. डोळ्यांनी वाचताना ते मला कधी खटकलं नव्हतं. मोठ्याने वाचताना मीच अडखळले. पान संपलं. मग कोपऱ्यातल्या एका बाईने घाटे सोलता सोलता विचारलं, "मॅडम, याच्यात पाणी कवा येते?"

सगळ्या हसल्या, मीही हसले. ते पुस्तक मिटलं आणि एका जुन्या विहिरीतल्या पारव्यांवरचं दुसरं, पातळसं पुस्तक काढलं. त्यातला माणूस रोज विहिरीवर जातो, पारवे कसे घरटं करतात ते बघतो आणि सांगतो. बस, एवढंच. बायकांचे हात थांबले. एक जण म्हणाली, आमच्या विहिरीत पण होते, मोटार बसवली तेव्हापासून गेले. दुसरी म्हणाली, मोटारीनं नाही गेले, तुम्ही जाळी टाकली म्हणून गेले. त्यावरून दोघींची अशी जुंपली की वंदनाला मध्ये पडावं लागलं. त्या दिवशी माझ्या शिफारशींमधली निम्मी पुस्तकं मी मनातल्या मनात मागे घेतली.

धाड

वंदनाला बाजार करायचा होता, म्हणून धाडच्या आठवडी बाजाराला गेलो. काळीपिवळी जीप इतकी भरली होती की माझ्या मांडीवर कोणाची तरी मेथीची जुडी आणि पायांशी एक कोंबडी होती. कोंबडीने पूर्ण प्रवासात माझ्या चपलेचा पट्टा तपासून घेतला.

बाजारात जेवायला बसलो ते एका बाईच्या ताडपत्रीखाली. ज्वारीची भाकरी, झुणका, कांदा आणि मिरचीचा ठेचा. कोकणी माणसाला तिखटाचं भय नसतं, असा माझा समज होता. आमच्या तिखटात खोबरं असतं हे मी विसरले. पहिल्या घासाला डोळ्यांतून पाणी, दुसऱ्याला उचकी. ती बाई घाबरून म्हणाली, "अवं माय, सावकाश खाय ना वं!" आणि तिने माझ्या भाकरीवर कच्चं तेल ओतलं. इथे तिखट मारायला तेल घेतात. आम्ही ताक घेतो. तेलाने जीभ शांत झाली, घसा मात्र तिथूनच धरला.

लोणार

लोणारला पोचलो तेव्हा ऊन कोवळं होतं. काठावर उभं राहिलं की आधी फक्त झाडं दिसतात, मोठ्या वाडग्याच्या आतल्या बाजूला उगवल्यासारखी, आणि तळाशी हिरवट पाणी. उल्का पडून ही जागा झाली हे आपण शाळेत शिकलेलं असतं. पण उतरताना त्याची आठवण राहत नाही. मोर ओरडतात, वानरं आपल्याकडे शेजाऱ्यांसारखी बघतात, सीताफळीची झाडं पायवाटेवर आडवी येतात. खाली पडक्या देवळात वटवाघळांचा उग्र वास होता. मी पाण्यात बोटं बुडवून चोळली. साबण लावल्यासारखी बुळबुळीत झाली. समुद्राच्या काठी जन्म गेला, पण असं पाणी कधी हाताला लागलं नव्हतं.

देवळाच्या पायरीवर बसल्यावर मी वंदनाला विचारलं, "अस्वलांचं पुस्तक कोणाला हवं आहे?"

मग तिने सांगितलं ते असं.

बुलढाणा आणि खामगावच्या मध्ये ज्ञानगंगा अभयारण्य आहे. त्याच्या कडेला एक गाव आहे. त्याचं नाव मी लिहिणार नाही, कारण पुढे कळेलच. वंदना तिथल्या शाळेवर बरीच वर्षं होती. सुमन ही तिची विद्यार्थिनी, वाचनाची फार आवड असलेली. लग्नही गावातच झालं. वंदनाने तिथे वाचनमंडळ सुरू केलं तेव्हा वाचून दाखवायचं काम सुमनकडेच असे. "तिनं वाचलं की माणसं काम सोडून ऐकत," वंदना म्हणाली.

गेल्या उन्हाळ्यात सुमन टेंभरं वेचायला जंगलात गेली होती. टेंभरं म्हणजे तेंदूची पिवळी फळं, पिकली की गोड लागतात. अस्वलालाही ती आवडतात. नाल्याच्या वळणावर अस्वल आडवं आलं आणि त्याने तिचा चेहरा फाडला. उजवा डोळा गेला. गाल आणि ओठ शिवावे लागले. ती जगली हेच खूप होतं.

"गावातली माणसं काठ्या घेऊन चार दिवस जंगल हिंडली," वंदना म्हणाली. "तिचा नवरा गजानन सगळ्यांच्या पुढे. अस्वल सापडलं नाही. सुमन बरी होऊन आली, तेव्हापासून मंडळात येते, पण मागे बसते. पुस्तक हातात घेत नाही. आणि मागच्या महिन्यात माझ्याजवळ आली अन् म्हणे, बाई, अस्वलाचं पुस्तक भेटंन का?"

"कशाला, ते नाही विचारलंस?"

"विचारलं. म्हणे, वाचायचं आहे."

माझ्या पिशवीत ते पुस्तक होतं. मुखपृष्ठावर अस्वलाचा जवळून घेतलेला फोटो, लांब नाक, पांढुरकी नखं. मासिकात त्याच्याबद्दल मी 'छायाचित्रे देखणी, भाषा ओघवती' असं लिहिलं होतं. अस्वलाने फाडलेल्या चेहऱ्याची बाई ते वाचायला मागेल, हे त्या वेळी माझ्या डोक्यात कसं येणार? आता मला ते तिच्या हातात द्यायची भीती वाटू लागली.

"नको नेऊ या का?" मी म्हटलं.

"तिनं मागितलंय," वंदना म्हणाली. "ती काही लहान नाही."

चढून वर आल्यावर जीव कासावीस झाला होता. रसवंतीवर उसाचा रस घेतला, भरपूर बर्फ घालून. वंदना नको नको म्हणत असताना आणखी एक पेला घेतला. आदल्या दिवशीचा ठेचा, दिवसभरची धूळ आणि त्यावर हा बर्फ. सकाळी उठले तर माझ्या गळ्यातून आवाजच निघेना. निघाला तो एखादं दार करकरावं तसा.

जंगलाच्या काठी

आम्हाला न्यायला गजाननच आला, जीप घेऊन. शेती थोडी, बाकीच्या दिवसांत जीप चालवतो. उंच, बोलायला कमी, वंदनाला लगेच वाकून नमस्कार करणारा. पिशवी गाडीत ठेवताना वरचं पुस्तक घसरलं आणि मुखपृष्ठावरचं अस्वल त्याच्यासमोर आलं. त्याने ते उचललं, उलटं करून परत पिशवीत ठेवलं.

बराच रस्ता गेल्यावर तो समोर बघतच म्हणाला, "मॅडम, ते पुस्तक गावात नका काढू."

मी काही बोलणार तर घशातून नुसती खरखर आली. वंदना म्हणाली, "गजानन, सुमननंच मागवलं आहे ते."

त्याने गाडीचा वेग कमी केला. "सुमननं?"

"हो."

"मले नाही बोलली." आणि त्याने पुन्हा गाडीचा वेग वाढवला.

रस्त्याच्या दोन्ही बाजूंना तेच जंगल होतं, पानगळीतलं. पण चार दिवसांत माझे डोळे जरा सरावले होते. सालईच्या खोडांवर ऊन पडून ती उजळली होती. एका ठिकाणी पळस नुकता फुलला होता आणि त्या करड्या रंगात तेवढं एकच झाड डोळ्यांत भरत होतं. म्हातारी बसमध्ये काय म्हणत होती ते थोडं कळू लागलं.

सुमन दारातच उभी होती. पस्तिशीची असेल. डोक्यावरचा पदर उजव्या गालावर ओढून घेतलेला. मला पाणी दिलं, माझा आवाज ऐकून आत गेली आणि कोमट पाण्यात मीठ-हळद घालून घेऊन आली. "गुळण्या करा," असं म्हणाली. त्या दोन शब्दांत मला काही वेगळं जाणवलं नाही. नंतर ती "पाणी पिऊन घ्या" म्हणाली तेव्हा कळलं. ओठ जुळवून जी अक्षरं काढावी लागतात ती तिला नीट येत नव्हती. प, ब, म. 'पाणी'तला प नुसत्या हवेसारखा निघून जायचा.

जेवायला तुरीच्या सोल्यांची आमटी आणि भाकरी होती. माझ्या ताटात तिने वेगळी, बिनतिखटाची वाढली होती. धाडची गोष्ट वंदनाने फोनवर आधीच पोचवलेली दिसली.

दुपारी मारुतीच्या पारावर मंडळ भरलं. लिंबाची सावली, बायका सतरंजीवर, आणि पाराच्या पलीकडे काही पुरुष, ऐकायला आलो नाही असं दाखवत बसलेले. गजानन जीपला टेकून उभा होता. मी अस्वलाचं पुस्तक काढलं तशी कुजबुज झाली. भागाबाई नावाची एक म्हातारी सगळ्यांत पुढे बसली होती. तिने कपाळाला हात लावला. "अवं, तेच काऊन आणलं वं? दुसरं नव्हतं काय?"

मी सुमनकडे बघितलं. ती मागच्या बाजूला, देवळाच्या खांबापाशी होती. तिने मान हलवली, वाचा म्हणून.

मी वाचायला सुरुवात केली. दोन ओळी झाल्या आणि आवाज गेला. खाकरले, पाणी प्यायले, पुन्हा प्रयत्न केला. नुसती वाफ. वंदना चष्मा डोळ्यांवर चढवून पुढे सरकली. पण तेवढ्यात मागून सुमन उठून आली होती. ती माझ्यासमोर बसली आणि तिने हात पुढे केला.

"द्या," ती म्हणाली.

मी पुस्तक तिच्या हातात दिलं. तिने ते पहिल्या पानापासून वाचलं नाही. अनुक्रमणिका काढली, बोट खाली खाली नेलं आणि मधलं एक प्रकरण उघडलं. अस्वलाच्या पिल्लांवरचं.

ती वाचू लागली. आवाज बारीक होता, पण वंदना म्हणाली होती ते खरं होतं. तिला वाक्य कुठे मोडायचं ते कळत होतं. त्या प्रकरणात शब्द तरी कसले असावेत? माय, पाठ, पिल्लू, पोट, बीळ. एकूण एक शब्दाला ओठ लागतात. प्रत्येक वेळी तिचा गाल ताणायचा, अक्षर अर्धं निसटायचं आणि ती ते पुन्हा म्हणायची. सुरुवातीला ऐकणाऱ्यांनी माना खाली घातल्या. थोड्या वेळाने वर केल्या. पलीकडचे पुरुष जवळ सरकले.

मादी थंडीत बिळात पिल्लं देते. ती थोडी मोठी झाली की पाठीवर घेऊन बाहेर पडते. दाट राठ केसांना धरून ती बसतात. धोका आला की खाली उतरत नाहीत, आणखी घट्ट धरतात. मादी पळून जाण्याऐवजी उठून अंगावर येते, कारण पाठीवरचं ओझं घेऊन तिला भरधाव पळता येत नाही. सुमन हे सगळं सावकाश, एका लयीत वाचत गेली. मग एका वाक्यावर ती थांबली आणि तेच वाक्य दुसऱ्यांदा वाचलं. पिल्लं साधारण नऊ महिन्यांची झाली की पाठीवर बसणं सोडतात आणि आईबरोबर पळू लागतात.

तिने पुस्तक मांडीवर मिटलं. बोट पानात तसंच.

"तिच्या पाठीवर होती," ती म्हणाली. "दोन."

कोणाला काही कळलं नाही. भागाबाई म्हणाली, "कोणाच्या वं?"

"जिनं मले हे केलं तिच्या. मी खाली पडली होती. ती माह्यावर उभी होती अन् तिच्या खांद्यामागून दोन तोंडं पाहून राह्यली होती माह्याकडं. एवढी एवढी."

भागाबाई हात टेकत सुमनजवळ सरकली.

"तुले दिसली होती पिल्लं?" भागाबाई म्हणाली. "अन् सांगितलं काऊन नाही?"

"सांगितलं असतं तं सारे गेले असते ना, बीळ पाह्याले. एवढ्या माणसाइचा गलका झाला तं माय पळून जाते. पिल्लाइले पळता येत नाही." तिने पदराच्या टोकाने ओठांची कड पुसली. "दवाखान्यात माह्यं तोंड शिवेल होतं. बोलता येत नव्हतं. ते एक बरं झालं. इचार कराले वेळ भेटला."

"तुले राग नाही आला तिचा?" मागून कोणीतरी विचारलं.

"येते ना," सुमन म्हणाली. "रोज येते. आरशासमोर गेलं की येते. ती समोर आली तं मी तिले दगड मारीन. पण पिल्लाइनं माह्यं काय केलं?"

मग ती माझ्याकडे वळली. जणू मलाच उत्तर देणं लागत होती. "कोणाले सांगावं असं लय वाटे. पण ती केवढी झाली ते मले समजत नव्हतं. म्हणून पुस्तक मागवलं. आता पळता येत असंन त्याइले. आता सांगितलं तं चालते."

वंदनाने चष्मा पुसायला घेतला होता तो किती तरी वेळ पुसतच राहिली.

गजानन जीपपासून पुढे आला होता. पाराच्या कडेला येऊन उभा राहिला. "मलेबी नाही सांगितलं?"

सुमनने त्याच्याकडे बघितलं. "तुलेच नव्हतं सांगाचं. तू सगळ्याइच्या पुढं होता."

तो वळला आणि शेताच्या वाटेने निघून गेला. बायका एकेक करून उठल्या. जाताना कोणी सुमनच्या पाठीवरून हात फिरवला, कोणी नुसतीच थांबून गेली. भागाबाई मात्र हलायला तयार नव्हती. "राह्यलेलं वाच ना," ती म्हणाली. "खातात काय ते?"

आणि सुमनने वाचलं. वारुळं कशी फोडतात, वाळवी कशी ओढून घेतात, मध कसा काढतात. वाळवी ओढतानाचा आवाज लांबवर ऐकू जातो, हे ऐकून भागाबाई इतकी हसली की तिला ठसका लागला. मी कितीतरी पुस्तकांची शिफारस केली असेल. पण एखादं पुस्तक असं वाचलं जाताना मी पहिल्यांदाच बघत होते.

संध्याकाळी गजानन जेवायला आला. खाली मान घालून जेवला आणि हरभऱ्याच्या राखणीला शेतावर गेला. सुमनने त्याच्या हातात घोंगडी दिली. त्याने ती तिच्याकडे न बघताच घेतली. मला वाटलं, आपण या घरात येऊन काय करून बसलो! सुमनला बहुतेक माझ्या तोंडावर ते दिसलं. "तो असाच हाये," ती म्हणाली. "त्याले टाइम लागते."

निघताना

सकाळी घसा थोडा मोकळा झाला होता. अंगणात चुलीपाशी बसून चहा घेत होतो. गजानन शेतावरून आला. पायांना दव आणि माती लागलेली, खांद्यावर घोंगडी. हात-तोंड धुऊन तो आमच्यापासून जरा लांब, उंबऱ्यावर बसला. सुमनने त्याला बशीत चहा ओतून दिला. तो बशी हातात धरून बसला, फुंकरही न मारता.

"त्या पुस्तकात," तो म्हणाला, "मायजवळ किती दिस राह्यतात ते लिव्हलं हाये काय?"

सुमन आत गेली, पुस्तक घेऊन आली, आणि त्याच्या शेजारी उंबऱ्यावरच बसून पानं उलटू लागली. तो तिच्या शाबूत डोळ्याच्या बाजूला होता आणि पुस्तकही तिने त्याच बाजूला धरलं होतं, म्हणून त्यालाही पान दिसत होतं. दोघांची डोकी पुस्तकावर वाकली. मी आणि वंदना चुलीतल्या विस्तवाकडे बघत राहिलो.

"दुसरं वर्स उलटून जाईपर्यंत," सुमनने वाचलं. "कधी कधी त्याच्याबी पुढं."

गजाननने मनाशी काही हिशेब केला. "म्हणजे अजून मायजवळच हायेत."

"असतील."

"या उन्हाळ्यातबी तिच्यासंगच राह्यतील."

"हाव."

त्याने चहा एका घोटात संपवला आणि बशी खाली ठेवली. "मंग यंदा टेंभरं नाल्याकडून कोणी आणाची नाही," तो म्हणाला. "वरच्या अंगानं जाऊ. मी सांगतो साऱ्याइले."

आम्हाला बुलढाण्याची गाडी गाठायची होती. पिशवी भरून मी दारात उभी होते. पण तो आधी शेजारच्या अंगणात गेला. तिथला माणूस दात घासत होता. गजानन त्याला हातांनी खूण करून, पाठीवर पिल्लं कशी बसतात ते दाखवत होता.